सोसायटीची घडी बसवणारा बँकवाला मंत्री : वैकुंठभाई मेहता

शेतकरी बंधूंनो, पेरणी तोंडावर आली की तुमच्यापैकी बहुतेकांचे पाय सोसायटीकडे वळतात. सातबारा, आठ-अ, बेबाकीचा दाखला गोळा करायचा, गटसचिवाला गाठायचं, क. म. पत्रकात नाव आहे का ते बघायचं. मग जिल्हा बँकेच्या शाखेत पैसे जमा होतात. हा रस्ता आपल्या इतका अंगवळणी पडला आहे की तो कुणीतरी आखला असेल, कुणीतरी त्यावर खडी टाकली असेल, हे मनातही येत नाही. आज त्या रस्त्यावर पहिल्यापासून राबलेल्या एका माणसाची ओळख करून द्यायची आहे. त्यांचं नाव वैकुंठभाई मेहता. पुण्यात विद्यापीठ रस्त्यावर सहकाराचं शिक्षण देणारी राष्ट्रीय संस्था आहे, तिला त्यांचंच नाव आहे. गटसचिव, जिल्हा बँकेचे अधिकारी, सहकार खात्यातले साहेब यांना ही पाटी माहीत असते. शेतकऱ्याला मात्र ते नाव क्वचित ठाऊक असतं. कर्ज घेणारा तर शेतकरीच, म्हणून ही माहिती त्याच्यापर्यंत पोचली पाहिजे.

घराणं दिवाणाचं, काम कुणब्याचं

वैकुंठभाईंचा जन्म १८९१ साली भावनगरचा. आजोबा सामळदास भावनगर संस्थानचे दिवाण होते. गांधीजी काही काळ ज्या कॉलेजात शिकले, ते भावनगरचं सामळदास कॉलेज यांच्याच नावाचं. वडील लल्लुभाई सामळदास मुंबईच्या व्यापार-उद्योगातलं मोठं नाव. धाकटे बंधू गगनविहारी पुढे अमेरिकेत भारताचे राजदूत झाले. अशा घरातला मुलगा, मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजातून पदवी घेतलेला. त्याला गिरणी, जहाज कंपनी, विमा अशा कुठल्याही धंद्यात मानाची जागा मिळाली असती. पण वयाच्या एकविसाव्या वर्षी तो जाऊन बसला सहकारी बँकेत. त्या बँकेचं गिऱ्हाईक होतं दख्खनचा कर्जबाजारी कुणबी.

ही बँक का निघाली, हे समजायला थोडं मागं जावं लागेल. १८७५ च्या मे महिन्यात सुपे इथे शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि कर्जरोखे जाळले. हे लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरलं. सरकारने चौकशी केली, १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा केला. त्याने कोर्टात शेतकऱ्याला थोडं संरक्षण मिळालं, पण बियाण्याला, बैलाला पैसा कुठून आणायचा हा प्रश्न तसाच राहिला. कायदा सावकाराचा हात धरू शकतो, पण कुणब्याच्या हातात पैसा ठेवू शकत नाही. ही गोष्ट ध्यानात ठेवा, पुढे पुन्हा लागणार आहे.

१९०४ साली सहकारी पतसंस्थांचा कायदा आला. दहा माणसांनी एकत्र येऊन सोसायटी काढावी, एकमेकांच्या जबाबदारीवर कर्ज घ्यावं, असा त्याचा साधा हिशेब. पण दहा गरीब एकत्र आले म्हणून तिजोरी भरत नाही. गावातल्या सोसायटीला बाहेरून भांडवल लागतं. शहरातला पैसेवाला गावच्या सोसायटीत ठेव ठेवणार नाही, कारण त्याला ना गाव माहीत, ना माणसं. ही फट बुजवायला लल्लुभाई सामळदास आणि सर विठ्ठलदास ठाकरसी यांनी १९११ साली मुंबईत मध्यवर्ती सहकारी बँक काढली. शहरात भागभांडवल उभं करायचं, कर्जरोखे विकायचे, त्या रोख्यांच्या व्याजाला सरकारची हमी घ्यायची आणि तो पैसा गावोगावच्या सोसायट्यांना द्यायचा. हीच बँक पुढे मुंबई प्रांतिक सहकारी बँक झाली. आज आपण जिला राज्य सहकारी बँक म्हणतो, शिखर बँक म्हणतो, तिचं मूळ हे.

खुर्ची मुंबईत, लक्ष बांधावर

१९१२ पासून १९४६ पर्यंत वैकुंठभाई या बँकेत होते, त्यातला फार मोठा काळ तिचा कारभार चालवणारे म्हणून. म्हणजे चौतीस वर्षं एकाच बँकेत, एकाच कामात. आजच्या काळात पदाधिकारी पाच वर्षांत तीन संस्था फिरतात, त्यामानाने हे केवढं ते बघा.

या काळात तीन मजल्यांची इमारत उभी राहिली. तळाला गावची सोसायटी, मधल्या मजल्यावर जिल्ह्याची बँक, वर प्रांताची बँक. पैसा वरून खाली येतो आणि वसुली खालून वर जाते. ऐकायला सोपं आहे. पण ज्या जिल्ह्यात मधला मजलाच नव्हता तिथे काय करायचं? तिथे या बँकेने स्वतःच्या शाखा काढल्या. निरा कालव्याच्या पट्ट्यात बारामतीला शाखा निघाली, ती उसाच्या शेतकऱ्यासाठी. आता उसाचा हिशेब तुम्हाला सांगायला नको. बेणं, खत, पाणीपट्टी, मजुरी, सगळा खर्च आधी, आणि पैसा हातात यायला वर्ष-दीड वर्ष. तोवर गूळ व्यापाऱ्याच्या घशात जायचा, कारण उचल त्याचीच घेतलेली असायची. बँकेच्या शाखेने त्या उचलीला दुसरा पर्याय दिला.

वैकुंठभाई बँकेबरोबर लेखणीही चालवत होते. १९१८ साली व्यंकटसुब्बय्या यांच्यासोबत त्यांनी सहकारी चळवळीवर इंग्रजीत पुस्तक लिहिलं. त्यानंतर आली १९२९-३० ची जागतिक मंदी. शेतमालाचे भाव कोसळले, सोसायट्यांची थकबाकी फुगली, कित्येक सोसायट्या कागदावरच उरल्या. कर्ज तेवढंच आणि मालाची किंमत निम्मी, तर फेडणार कशातून? १९३७ साली प्रांतात लोकांचं सरकार आलं. सहकाराची फेररचना कशी करावी याचा अहवाल द्यायला सांगितलं ते वैकुंठभाई आणि भन्साळी या दोघांना.

इथे त्यांचा एक गुण ध्यानात घ्यावा. बँकेत बसलेल्या माणसाला थकबाकीदार म्हणजे लबाड वाटण्याची सवय लागते. उलट पुढाऱ्याला थकबाकीदार म्हणजे मतदार वाटतो. दोन्ही चष्मे चुकीचे. थकबाकीमागे बुडालेलं पीक आहे, पडलेला भाव आहे की कर्ज लग्नात खर्चलं आहे, हे बघितल्याशिवाय औषध देता येत नाही. शेतकऱ्याची गरज फक्त कर्जाची नसते. माल साठवायला जागा, विकायला व्यवस्था, चांगलं बियाणं आणि जोडधंदा हे सगळं एकमेकांत गुंतलेलं असतं. त्यांचं पुढचं सगळं काम याच वाटेने गेलेलं दिसतं.

मंत्री झाल्यावर

१९४६ साली बाळासाहेब खेर यांच्या मंत्रिमंडळात वैकुंठभाई मुंबई प्रांताचे मंत्री झाले. अर्थ, सहकार आणि ग्रामोद्योग ही खाती त्यांच्याकडे. १९५२ पर्यंत त्यांनी ती सांभाळली. एरवी सहकारमंत्री कर्ज मागतो आणि अर्थमंत्री हात आखडतो. इथे दोन्ही टोप्या एकाच डोक्यावर, आणि ते डोकं चौतीस वर्षं बँकेचा ताळेबंद वाचलेलं.

याच सरकारच्या काळात दोन महत्त्वाचे कायदे झाले. पहिला १९४६ चा मुंबई सावकारी कायदा. सावकाराने परवाना घ्यावा, हिशेबाच्या वह्या ठेवाव्यात, ऋणकोला पावती द्यावी, व्याजाला मर्यादा असावी. दुसरा १९४७ चा शेतकरी कर्जनिवारण कायदा. जुनं कर्ज कोर्टापुढे यावं, खरं देणं किती ते ठरावं, ऐपतीप्रमाणे हप्ते पडावेत.

आता मघाची गोष्ट आठवा. सावकाराचा हात धरला, चांगलं झालं. पण मृगाच्या आदल्या दिवशी त्याच सावकाराने दार लावून घेतलं तर? ज्याला देणं कमी करून मिळालं, त्याला नवीन उसनं कोण देणार? हा पेच कायद्याने सुटणारा नव्हता. सोसायटी मजबूत असेल तरच कर्जनिवारणाला अर्थ, नाहीतर ते उपासमारीचं निमंत्रण. म्हणून कायद्याबरोबरच पीककर्जावर भर आला. कर्ज जमिनीच्या गहाणावर न देता उभ्या राहणाऱ्या पिकाच्या हिशेबाने द्यायचं आणि त्याच पिकाच्या विक्रीतून फेडून घ्यायचं. मुंबई राज्यात रुजलेली ही रीत पुढे देशभर गेली. आज तुम्ही हेक्टरी अमुक पिकाला तमुक कर्ज म्हणता, त्याचं बी हे.

याच वर्षांत अहमदनगर जिल्ह्यात, म्हणजे आजच्या अहिल्यानगरमध्ये, लोणीला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ सहकारी साखर कारखान्याची जुळवाजुळव करत होते. शेतकरी कारखाना चालवतील यावर तेव्हा शहाण्यासुरत्या माणसांचाही विश्वास नव्हता. विखे पाटील गावोगाव हिंडून भाग गोळा करत होते, गाडगीळ अर्थशास्त्राचा कणा देत होते आणि सरकारात वैकुंठभाई पाठीशी उभे होते. १९५० च्या अखेरीस प्रवरेचं पहिलं गाळप सुरू झालं. तीन माणसं बघा, एक कमी शिकलेला शेतकरी, एक प्राध्यापक आणि एक बँकवाला मंत्री. तिघांपैकी एक जरी कमी असता तरी गाडं अडलं असतं.

आकड्याने दाखवलेला आरसा

मंडळी, कुणाचंही चरित्र सांगताना नुसती आरती करू नये. रिझर्व्ह बँकेने १९५१-५२ साली सगळ्या देशात ग्रामीण कर्जाची पाहणी केली. गोरवाला समितीचा हा अहवाल १९५४ साली आला. शेतकऱ्याच्या एकूण कर्जात सहकाराचा वाटा निघाला शेकडा ३.१. सरकारचा वाटा शेकडा ३.३. आणि सावकारांचा, म्हणजे धंदेवाईक आणि शेतकरी-सावकार मिळून, जवळजवळ शेकडा ७०. कायदा होऊन पन्नास वर्षं झाली आणि देशपातळीवर हिशेब हा असा. आकडे देशाचे आहेत, मुंबई राज्यात सहकार इतर भागांपेक्षा पुढे होता. तरी ज्याला जमीन नाही, जो कुळ आहे, ज्याचा बांध चार गुंठ्यांचा आहे, त्याच्यापर्यंत सोसायटी फारशी पोचली नव्हती, हे आपल्याकडेही खरं होतं.

मग उपाय काय? गोरवाला समिती म्हणाली, सोसायट्या मोठ्या करा, सरकारने त्यात भाग घ्यावा, पगारी सचिव नेमावा. उलट १९५८ साली राष्ट्रीय विकास परिषदेने ठराव केला की गाव हाच सहकाराचा पाया असावा. सोसायटी मोठी की छोटी यावर दिल्लीत वाद पेटला. तो मिटवायला १९५९ साली केंद्र सरकारने समिती नेमली आणि तिचे अध्यक्ष केले वैकुंठभाईंना. १९६० साली त्यांनी अहवाल दिला आणि मधली वाट दाखवली. सोसायटी साधारण तीन हजार लोकवस्तीची असावी, तीन ते चार मैलांच्या आतली असावी.

हा आकडा वरवर कोरडा वाटतो, पण त्यात शेतीतलं शहाणपण आहे. सोसायटी एवढी लहान नको की सचिवाचा पगार निघणार नाही आणि कपाटाला कुलूप लागेल. एवढी मोठीही नको की सभासद एकमेकांना ओळखणार नाहीत. सहकारातलं खरं तारण म्हणजे ओळख. याचं रान कसं आहे, हा कष्ट करतो का, याने मागचं फेडलं का, हे गावाला माहीत असतं. ती ओळख सुटली की सोसायटी म्हणजे नुसतं बँकेचं टपाल पोचवणारं खोकं.

खादी, घाणी आणि मधमाशी

मंत्रिपद सोडल्यावर बहुतेक माणसं विसाव्याला जातात. १९५३ साली अखिल भारतीय खादी आणि ग्रामोद्योग मंडळ स्थापन झालं, त्याचे अध्यक्ष वैकुंठभाई. त्याच सुमारास ते केंद्राच्या करचौकशी आयोगाचे सदस्यही होते. १९५७ साली मंडळाचा आयोग झाला, त्याचेही पहिले अध्यक्ष तेच, १९६३ पर्यंत. १९५४ साली त्यांना पद्मभूषण मिळालं.

खादी म्हटलं की आपल्याला नुसती टोपी आठवते. पण या कामात तेलघाणी होती, हातसडीचा तांदूळ होता, गूळ होता, कातडी कमावणं होतं, कुंभारकाम होतं. शेतकऱ्याला वर्षातले कित्येक महिने हाताला काम नसतं आणि त्या रिकाम्या महिन्यांतच कर्ज वाढतं, हा त्यामागचा हिशेब. पुण्याची केंद्रीय मधमाशी संशोधन संस्था १९६२ साली याच आयोगाने काढली. डाळिंब, कांदा बियाणं, सूर्यफूल करणाऱ्यांना परागीकरणासाठी मधमाशीची किंमत आज कळते आहे. १९६४ साली वैकुंठभाई गेले.

तुमच्या सोसायटीत काय बघाल?

आता आजचं बोलू. विस्तार अधिकारी म्हणून गावोगाव जाताना एक गोष्ट दिसते. सोसायटीच्या निवडणुकीला चुरस असते, वार्षिक सभेला मात्र पन्नास माणसं नसतात. ठराव वाचला जातो, मंजूर मंजूर होतं, चहा होतो आणि सभा संपते. वैकुंठभाईंनी ज्या संस्था उभ्या केल्या त्या अशाने टिकत नाहीत. आपल्या राज्यात काही जिल्हा बँका किती अडचणीत आल्या आणि त्यांच्या शेतकऱ्यांना पीककर्जासाठी कशी वणवण करावी लागली, ते तुम्ही बघितलं आहे. खुद्द राज्य सहकारी बँकेवर २०११ साली प्रशासक बसला. संस्था उभी करायला चौतीस वर्षं लागतात, खिळखिळी व्हायला तेवढी लागत नाहीत.

म्हणून चार गोष्टी सांगतो, त्या गाठीला बांधा.

पहिली. सभेला जा आणि लेखापरीक्षणाचा वर्ग विचारा. अ, ब, क की ड? मागच्या वर्षी कोणता होता? घसरला असेल तर का? हा प्रश्न विचारायचा सभासदाला पूर्ण हक्क आहे, त्याला भांडण समजू नये.

दुसरी. ‘अनिष्ट तफावत’ हा शब्द अहवालात शोधा. सोसायटी बँकेला जेवढं देणं लागते, त्यापेक्षा सभासदांकडून येणं कमी असेल, तर मधली रक्कम म्हणजे अनिष्ट तफावत. मातीच्या घागरीला तडा गेला आहे, असं समजा. पाणी कितीही ओता, भरणार नाही. तडा किती आहे आणि तो बुजवायला संचालक काय करतात, हे समजून घ्या.

तिसरी. नवं-जुनं करण्याच्या फेऱ्यात अडकू नका. मार्चअखेर चार दिवसांसाठी खासगीतून महागडं उसनं घ्यायचं, सोसायटीत भरायचं, नवीन कर्ज उचलून ते उसनं फेडायचं. कागदावर तुम्ही नियमित दिसता, पण पिकाला त्यातला पैसा किती लागला? पीककर्जाची मूळ कल्पनाच यात मरते. नियमित फेड करणाऱ्याला डॉ. पंजाबराव देशमुख व्याज सवलत योजना आहे, तिचा लाभ खऱ्या फेडीतून घ्या. फेड जमणार नाही असं दिसत असेल तर आधीच सोसायटीत आणि बँकेत जाऊन बोला. वरच्या कलम १०१ च्या दाखल्याची वाट बघू नका.

चौथी. विनापरवाना सावकाराच्या तावडीत जमीन गेली असेल तर गप्प बसू नका. १९४६ च्या कायद्याच्या जागी राज्यात २०१४ साली नवीन सावकारी कायदा आला आहे. जिल्हा उपनिबंधकांकडे अर्ज करता येतो, आणि सावकारीत जमीन बळकावली हे सिद्ध झालं तर ती परत देण्याची तरतूद त्यात आहे. ग्रामसेवक आणि तलाठी भाऊसाहेबांनी ही माहिती चावडीवर सांगावी, अशी विनंती आहे.

आणखी एक. २०२२ साली केंद्राने त्रेसष्ट हजार सोसायट्यांच्या संगणकीकरणाची योजना मंजूर केली. गोदाम, खत दुकान, इंधन पंप अशी नवीन कामं सोसायटीने करावीत असंही धोरण आहे. चांगलंच आहे. पण संगणक चुकीचा हिशेबही तितक्याच वेगाने करतो. खातेउतारा मागून घ्या, वाचता येत नसेल तर शाळेत जाणाऱ्या पोराकडून वाचून घ्या. खात्यावर अंगठा तुमचा आहे, तर नजरही तुमची हवी.

वैकुंठभाई काही शेतकऱ्याच्या पोटी जन्मले नव्हते. त्यांची भाषा वेगळी, गाव वेगळं, घर श्रीमंताचं. तरी त्यांनी आयुष्यभर एकच हिशेब मांडला : कुणब्याला दया नको, वेळेवर आणि रास्त व्याजाने पैसा हवा, आणि तो पैसा देणारी संस्था त्याच्याच मालकीची हवी. यातलं पहिलं अर्धं काम बँकेचं आणि सरकारचं. उरलेलं अर्धं तुमचं. यंदा ३० सप्टेंबरच्या आत सोसायटीची वार्षिक सभा होईल. नोटीस फळ्यावर लागली की तारीख लिहून ठेवा, शेजाऱ्याला सोबत घ्या, आणि अहवालाची प्रत आधी मागून, वाचून सभेला बसा.